मुलगा रोज चार तास गेम खेळतो. त्याच्या मेंदूचे काय होते?

विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. चौदा वर्षांचा मुलगा रोज साधारण चार तास, आणि सुट्टीच्या दिवशी त्याहून अधिक, व्हिडिओ गेम खेळतो. वडिलांचे म्हणणे असे की यामुळे मेंदू खराब होतो आणि व्यसन लागते. मामाचे म्हणणे असे की उलट मेंदू तल्लख होतो. दोघेही आपापल्या बाजूने संशोधनाचे दाखले देतात. आईला जाणून घ्यायचे आहे की खरे कोणाचे, आणि दिवसाला किती तास चालतील. मी बरीच वर्षे किशोरवयीन मुलांचा मनोविकारतज्ज्ञ म्हणून काम करतो आहे आणि हा प्रश्न माझ्याकडे इतक्या वेळा येतो की त्याचे उत्तर एकदा सविस्तर लिहून ठेवणे बरे.

दाखले दोघांचेही खरे आहेत. चूक आहे ती त्यांतून काढलेल्या निष्कर्षांत. मेंदूला ज्या कामाचा सराव मिळतो त्यात तो तरबेज होतो, आणि गेम याला अपवाद नाहीत. मात्र हे तरबेज होणे बहुधा त्या कामापुरतेच राहते. दवाखान्यात मला जे नुकसान दिसते ते बहुतेक वेळा गेमने मेंदूवर थेट काही केल्यामुळे झालेले नसते. झोप, हालचाल आणि समोरासमोरची संगत यांच्या वाट्याचा वेळ गेमने खाल्लेला असतो, आणि शरीर व मन त्याची किंमत मोजत असतात. म्हणून तासांचा आकडा मला दुय्यम वाटतो. मी आधी विचारतो की मुलगा कोणता गेम खेळतो, कोणत्या वेळी खेळतो, आणि थांबायचे ठरवले तर त्याला थांबता येते का.

वडिलांच्या बाजूपासून सुरुवात करू. 'गेम खेळताना मेंदूत डोपामिन सुटते, जसे ते नशेच्या पदार्थांनी सुटते' हे वाक्य तुम्ही नक्की ऐकले असेल. त्याचे मूळ १९९८ साली 'नेचर' या नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या लंडनमधील एका प्रयोगात आहे. आठ पुरुषांना रणगाडा चालवण्याचा एक साधा गेम खेळायला देऊन त्यांच्या मेंदूची चित्रे घेण्यात आली, आणि मेंदूच्या खोल भागातील स्ट्रायटम या केंद्रात डोपामिनचे प्रमाण वाढल्याचे दिसले. हा शोध महत्त्वाचा होता, कारण केवळ वागण्यामुळे, कोणताही पदार्थ पोटात न जाता, हे रसायन वाढते हे माणसात तोवर असे दाखवले गेले नव्हते. परंतु त्या प्रयोगात तुलना कोऱ्या पडद्याकडे पाहत बसण्याशी केलेली होती, आणि प्रत्येक पातळी पार केल्यावर खेळणाऱ्याला पैशांचे बक्षीसही होते. कोऱ्या पडद्याच्या तुलनेत जगातील जवळपास प्रत्येक रंजक गोष्ट डोपामिन वाढवते. आवडते गाणे ऐकताना अंगावर काटा येतो तेव्हाही ते वाढते. डोपामिन म्हणजे सुखाचा रस अशी समजूत आहे, पण त्याचे मुख्य काम वेगळे आहे: अपेक्षेपेक्षा चांगले काही घडले की 'हे लक्षात ठेव, पुन्हा कर' असा संकेत ते मेंदूला देते. शिकण्याची सारी यंत्रणा त्यावर चालते. त्यामुळे 'डोपामिन सुटते' एवढ्यावरून व्यसन सिद्ध होत नाही, आणि हा मुद्दा घरच्या भांडणात वापरू नये असे माझे स्पष्ट मत आहे. मुले तो सहज खोडून काढतात आणि मग तुमचे बाकीचे बरोबर म्हणणेही ऐकत नाहीत.

तरीही वडिलांच्या म्हणण्यात एक गाभा आहे, आणि तो गेमच्या रचनेत दडलेला आहे. बक्षीस दर वेळी न मिळता कधी दुसऱ्या प्रयत्नाला, कधी अकराव्या प्रयत्नाला मिळाले, तर प्राणी तो प्रयत्न सर्वांत चिकाटीने करत राहतो, हे वर्तनशास्त्रज्ञ बी. एफ. स्किनर यांनी कबुतरे आणि उंदरांवर दाखवून दिले त्याला आता कित्येक दशके झाली. जुगाराची यंत्रे याच तत्त्वावर चालतात, आणि आजचे अनेक फुकट मिळणारे गेमही. पैसे देऊन पेटी उघडायची आणि आत काय निघेल ते नशिबावर सोडायचे, या 'लूट बॉक्स' प्रकाराला बेल्जियमने २०१८ साली जुगाराच्या कायद्याखाली आणले, ते उगीच नव्हे. याशिवाय रोज हजेरी लावल्याबद्दलचे बक्षीस, काही दिवसांत संपणारी मोहीम, आणि 'तू नाही आलास तर आपला संघ हरेल' असे म्हणणारे चार मित्र. अशा गेमला शेवट नसतो. कोड्याचा किंवा कथेचा गेम मात्र कधीतरी संपतो, आणि त्याचे शेवटचे दृश्य पाहून मुलगा स्वतःहून उठतो. दोन मुले रोज तीन-तीन तास खेळत असतील आणि एक पहिल्या प्रकारचा तर दुसरा दुसऱ्या प्रकारचा गेम खेळत असेल, तर तासांचा आकडा सारखा असूनही माझ्या लेखी त्यांची स्थिती सारखी नसते.

आता मामांची बाजू. वेगवान, नेमबाजीच्या, म्हणजे ज्यांना 'ॲक्शन' गेम म्हणतात अशा गेमचा सर्वांत पक्का परिणाम दृष्टीशी निगडित लक्षावर होतो. शॉन ग्रीन आणि डॅफ्ने बॅव्हेलियर यांनी २००३ साली दाखवले की गेम न खेळणाऱ्या प्रौढांना दहा दिवस रोज तासभर असा गेम खेळायला दिला, तर नजरेच्या कडेला काय घडते आहे ते टिपण्याची आणि एकाच वेळी अनेक वस्तूंवर लक्ष ठेवण्याची त्यांची क्षमता वाढते. ज्यांना तेवढाच वेळ ठोकळे रचण्याचा गेम दिला होता त्यांच्यात तसा फरक पडला नाही. पुढे याच क्षेत्रातील कामातून असेही दिसले की करड्या रंगाच्या जवळजवळ सारख्या छटा वेगळ्या ओळखण्याची नजरही अशा सरावाने सुधारते. पोटात दुर्बीण घालून शस्त्रक्रिया करणाऱ्या ३३ सर्जनांची २००७ साली पाहणी झाली, तेव्हा पूर्वी आठवड्याला तीन तासांहून अधिक गेम खेळलेल्या सर्जनांनी प्रशिक्षणातील कसोट्यांत सुमारे ३७ टक्के कमी चुका केल्या. पडद्याकडे पाहत हातांनी दूरवरचे हत्यार हलवणे हे काम गेमसारखेच असल्याने यात आश्चर्य नाही. मात्र ज्यांचे हात मुळातच कुशल तेच गेमकडे वळले असतील, ही शक्यता अशा पाहणीतून बाद होत नाही.

इथेच या फायद्यांचा अरुंदपणा समोर येतो. अनेक हलत्या वस्तूंवर नजर ठेवून क्षणात प्रतिक्रिया देणे ही लक्षाची एक जात आहे. गणिताच्या एकाच उदाहरणावर, काहीही चमकत नसताना, कोणी शाबासकी देत नसताना, पंधरा मिनिटे टिकून राहणे ही अगदी वेगळी जात आहे. पहिलीच्या सरावाने दुसरी वाढते असा भरवशाचा पुरावा नाही. 'तो गेमवर तीन तास एकाग्र राहतो, म्हणजे एकाग्रता चांगली आहे' असे पालक मला आशेने सांगतात. लक्ष कमी आणि चंचलता जास्त असण्याचा विकार, ज्याला एडीएचडी म्हणतात, तो असलेली मुलेही गेमवर तासनतास रमतात; कारण तिथे लक्ष टिकवण्याचे काम मुलगा करत नसतो, गेम करत असतो. उलट दिशेचे एक उदाहरणही सांगतो: ८ ते १२ वर्षांच्या अशा मुलांसाठी खास तयार केलेल्या एका गेमला अमेरिकेच्या औषध प्रशासनाने जून २०२० मध्ये उपचार म्हणून परवानगी दिली. तसेच ६० ते ८५ वयाच्या व्यक्तींना महिनाभर, एकूण १२ तास, गाडी चालवता चालवता खुणा ओळखण्याचा गेम दिल्यावर दोन कामे एकत्र सांभाळण्याची त्यांची क्षमता सुधारली आणि ती सुधारणा सहा महिन्यांनीही टिकून होती, असे सॅन फ्रान्सिस्को येथील संशोधकांनी २०१३ साली दाखवले. हे दोन्ही गेम मोजक्या वेळेचे, ठरावीक उद्देशाने बांधलेले होते. त्यांचा दाखला देऊन रात्री दोनपर्यंत चालणाऱ्या नेमबाजीचे समर्थन करणे योग्य नाही.

मेंदूची प्रत्यक्ष रचना बदलते का? बदलते, आणि ती कशी बदलते यात मला सर्वांत जास्त रस आहे. बर्लिनच्या मॅक्स प्लँक संस्थेत २०१४ साली झालेल्या प्रयोगात प्रौढांना दोन महिने रोज अर्धा तास 'सुपर मारिओ ६४' हा त्रिमितीय गेम खेळायला दिला. शेवटी त्यांच्या मेंदूतील उजव्या हिप्पोकॅम्पसचा, कपाळामागच्या नियोजन करणाऱ्या एका भागाचा आणि लहान मेंदूचा करडा थर वाढलेला आढळला. हिप्पोकॅम्पस हा स्मरणाचा आणि वाटा लक्षात ठेवण्याचा भाग. त्या गेममध्ये खेळाडूला एका मोठ्या काल्पनिक प्रदेशात वाट शोधावी लागते, त्यामुळे हे सुसंगत आहे. चार वर्षांनी मॉन्ट्रियलच्या संशोधकांनी याची दुसरी बाजू दाखवली. त्यांनी ९० तास ॲक्शन गेम खेळवले, तेव्हा ज्यांना खुणांच्या आधारे मनात नकाशा रचून वाट शोधायची सवय होती त्यांचा हिप्पोकॅम्पस वाढला, आणि जे 'इथे डावीकडे, तिथे उजवीकडे' अशी वळणे घोकून खेळत होते त्यांचा घटला. गेम तोच, तासही तेवढेच. फरक खेळण्याच्या पद्धतीत होता. हे अभ्यास लहान गटांवर झाले आहेत, आणि चित्रात करडा थर जाड दिसला म्हणजे पेशींची संख्या वाढली असे नव्हे, एवढे भान ठेवून वाचावे. पण 'व्हिडिओ गेम मेंदूसाठी चांगले की वाईट' हा प्रश्न 'पुस्तके चांगली की वाईट' इतकाच ढोबळ आहे, हे त्यातून पुरेसे स्पष्ट होते.

मामांनी बहुधा दाखवलेली आणखी एक बातमी म्हणजे अमेरिकेतील ९-१० वर्षांच्या सुमारे दोन हजार मुलांचा २०२२ सालचा अभ्यास. रोज तीन किंवा अधिक तास गेम खेळणारी मुले अजिबात न खेळणाऱ्या मुलांपेक्षा हात वेळीच आवरण्याच्या आणि तात्पुरत्या स्मरणाच्या कसोट्यांत सरस ठरली, ही बातमी खूप फिरली. त्या लेखाची सुधारित आवृत्ती नंतर प्रसिद्ध झाली. तीत याच मुलांमध्ये लक्ष न लागण्याच्या तक्रारी आणि नैराश्याची लक्षणे अधिक असल्याचे नोंदवले आहे, ते मात्र फिरले नाही. एका क्षणी घेतलेल्या अशा पाहणीवरून गेममुळे स्मरण सुधारले असेही म्हणता येत नाही आणि गेममुळे नैराश्य आले असेही म्हणता येत नाही. उदास मूल गेमकडे वळते, आणि रात्रभर गेम खेळणारे मूल उदास होते. दोन्ही घडते, आणि माझ्यासमोर बसलेल्या मुलात आधी काय घडले ते मला त्याच्याकडूनच काढून घ्यावे लागते.

हिंसक गेममुळे मूल हिंसक बनते का, यावर पाने भरली आहेत. मी दोन वाक्यांत सांगतो. ऑक्सफर्ड विद्यापीठाने २०१९ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात १४-१५ वर्षांच्या सुमारे हजार ब्रिटिश मुलांच्या गेमची हिंसकता अधिकृत वर्गवारीवरून ठरवली आणि मुलांच्या वागण्याची माहिती पालकांकडून घेतली, तेव्हा या दोहोंत संबंध आढळला नाही. गेम बंद करायला लावल्यावर मुलगा जो आरडाओरडा करतो तो वेगळ्या जातीचा आहे. ऐन रंगात आलेल्या सामन्यातून कोणालाही ओढून काढले तरी तो चिडेल.

आता माझ्या दृष्टीने खऱ्या मुद्द्याकडे, म्हणजे झोपेकडे, येतो. १३ ते १८ वयात ८ ते १० तास झोप लागते. या वयात शरीराचे घड्याळ निसर्गतःच पुढे सरकते, म्हणजे झोप उशिरा येऊ लागते, आणि सकाळी उठण्याची वेळ मात्र शाळा ठरवते. या आधीच ताणलेल्या गणितात रात्रीचा गेम येऊन बसतो. पडद्याच्या निळ्या प्रकाशामुळे मेलाटोनिन हे झोपेचे संप्रेरक दबते हे खरे, पण त्या प्रकाशाची भीती जरा जास्तच पसरली आहे; चष्मा लावून किंवा पडदा पिवळा करून रात्री एकचा सामना निरुपद्रवी होत नाही. सामन्यात हृदयाची गती वाढते, शरीर सावध होते, आणि हरल्यावर 'हा शेवटचा' म्हणत आणखी एक खेळला जातो. सगळ्यात मोठा तोटा अगदी साधा आहे: झोपेचे तास कमी होतात. दिवसभरात जे शिकले ते पक्के करण्याचे काम मेंदू झोपेत करतो, आणि अपुऱ्या झोपेचा पहिला फटका कपाळामागच्या त्या भागाला बसतो जो मोह आवरतो, चिडणे रोखतो आणि उद्याचा विचार करतो. हा भाग पूर्ण पक्व होण्यास विशीचा मध्य उजाडतो. म्हणजे गेम थांबवण्यासाठी जो ब्रेक लागतो तोच रात्रीचा गेम ढिला करतो, आणि दुसऱ्या रात्री थांबणे आणखी अवघड होते. 'लक्ष लागत नाही, चिडतो, उलट बोलतो' अशी तक्रार घेऊन आलेल्या कित्येक मुलांत मी आधी तीन आठवडे फक्त झोपेची वेळ दुरुस्त करायला सांगतो आणि बाकी कशालाही हात लावत नाही. त्यानंतर पुष्कळदा उरलेला प्रश्न बराच लहान झालेला असतो.

शरीराच्या इतर तक्रारी नव्या नाहीत. १९८१ साली एका वैद्यकीय नियतकालिकात 'स्पेस इन्व्हेडर्स' खेळून दुखावलेल्या मनगटाची नोंद झाली होती आणि १९९० साली निन्टेंडो या गेमयंत्राच्या बटणांनी दुखावलेल्या अंगठ्याची. आज मोबाईल खाली धरून मान वाकवण्याची त्यात भर पडली आहे. अंगठ्याच्या मुळाशी दुखत असेल तर काही दिवस विश्रांती द्यावी. दुखणे सोसून खेळत राहिल्यास ते चिवट होते. डोळ्यांच्या बाबतीत, आपण एरवी मिनिटाला साधारण १५ वेळा पापणी लववतो, आणि पडद्यावर नजर खिळली की हे प्रमाण बरेच घसरते. जळजळ आणि कोरडेपणा त्यातून येतो. दर २० मिनिटांनी २० सेकंद २० फुटांपलीकडे पाहण्याचा सल्ला डोळ्यांना आराम देण्यापुरता चांगला आहे. चष्म्याचा नंबर टाळण्यासाठी मात्र घराबाहेरचा उजेडच लागतो. चीनमधील ग्वांगझू येथे शाळेतील लहान मुलांना रोज ४० मिनिटे अधिक बाहेर ठेवले, तेव्हा तीन वर्षांत ३०.४ टक्के मुलांना दूरचे दिसण्यासाठी चष्म्याची गरज निर्माण झाली, आणि बाहेर न नेलेल्या गटात हेच प्रमाण ३९.५ टक्के होते.

कानांकडे पालकांचे सहसा लक्ष जात नाही, कारण हेडफोन लावल्यामुळे घर शांत असते. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते प्रौढाने ८० डेसिबलचा आवाज आठवड्याला ४० तास ऐकणे ही सुरक्षित मर्यादा आहे, आणि मुलांसाठी ७५ डेसिबल. त्यापुढे दर ३ डेसिबलला ही मुदत निम्म्यावर येते. स्फोट आणि गोळीबाराचे आवाज सरासरीपेक्षा कितीतरी वर उसळतात. खाण्याबाबत एक विलक्षण निरीक्षण आहे: किशोरवयीन मुलांना तासभर गेम खेळू देऊन मग हवे तेवढे जेवू दिले, तर नुसते बसून राहिलेल्या वेळेच्या तुलनेत ती अधिक खातात, भूक अधिक लागल्याचे मात्र सांगत नाहीत. वजनाचा काटा केवळ बसून राहण्याने पुढे सरकत नाही, हे यावरून समजते. संघटनेने या वयासाठी रोज सरासरी ६० मिनिटांचा चांगला घाम काढणारा व्यायाम सांगितला आहे, आणि तो होत असेल तर बसण्याचे बरेचसे तोटे भरून निघतात. सलग अनेक तास पाय न हलवता बसल्याने पायाच्या शिरेत रक्ताची गुठळी झाल्याचीही उदाहरणे आहेत, पण ती फार विरळ.

दोन गोष्टी मात्र विरळ असल्या तरी सोडून देऊ नयेत. खेळताना मूल एकाएकी बेशुद्ध पडले, तर 'थकला असेल' म्हणून विषय संपवू नये. ऑस्ट्रेलियातील हृदयरोगतज्ज्ञांनी २०२२ साली अशा २२ मुलांची माहिती एकत्र केली. त्यांतील अनेकांना हृदयाच्या ठोक्यांचा जन्मजात विकार होता, जो तोवर कोणाला माहीतच नव्हता आणि गेममधील उत्तेजनेने उघड झाला. काही मुले त्यात दगावली. अशा वेळी हृदयाचा आलेख आणि हृदयरोगतज्ज्ञांची तपासणी हवीच. दुसरी गोष्ट लुकलुकत्या प्रकाशाने येणारी फिट. अपस्मार असलेल्यांपैकी सुमारे ३ टक्के व्यक्तींना हा प्रकार असतो, आणि किशोरवयात तो तुलनेने अधिक दिसतो. घरात कोणाला असा त्रास असेल तर अंधाऱ्या खोलीत, पडद्याला नाक लावून आणि झोप मोडून खेळणे कटाक्षाने टाळावे.

आता 'व्यसन' या शब्दाविषयी. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाच्या अकराव्या आवृत्तीत, जी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, 'गेमिंग विकार' ही स्वतंत्र नोंद आहे आणि ती जुगाराच्या विकाराशेजारी ठेवलेली आहे. तिच्या कसोट्या तीन: खेळण्यावर ताबा न राहणे, इतर आवडी आणि दैनंदिन कामांपेक्षा गेमला वरचे स्थान मिळत जाणे, आणि नुकसान दिसत असूनही खेळणे चालू राहणे किंवा वाढणे. हे सर्व सहसा किमान १२ महिने दिसायला हवे आणि त्याने शिक्षण, घर किंवा मैत्री यांत ठळक बिघाड झालेला हवा. यात तासांचा उल्लेख कोठेही नाही. ऑक्सफर्डच्याच संशोधकांनी २०१७ साली चार देशांतील हजारो प्रौढांच्या पाहणीतून असा अंदाज मांडला की विकाराच्या व्याख्येत बसू शकतील अशा व्यक्ती ०.३ ते १ टक्क्याच्या दरम्यान असाव्यात. इतर काही पाहण्यांत हा आकडा याहून जास्त येतो. कोणताही आकडा धरला तरी गेम खेळणाऱ्या बहुसंख्य मुलांना हा विकार नसतो. ज्यांना असतो त्यांच्यात नैराश्य, एडीएचडी किंवा लोकांत मिसळण्याची तीव्र भीती बहुधा सोबत असते, आणि त्या त्रासावर उपचार केल्याशिवाय गेम सुटत नाही. शाळेत ज्याची रोज चेष्टा होते त्याला गेममध्ये मान मिळत असेल, तर तो गेम काढून घेण्याआधी शाळेतल्या चेष्टेचे काहीतरी केले पाहिजे. उपचार उपलब्ध आहेत: विचार आणि वर्तन बदलण्याच्या मानसोपचाराची जर्मनी आणि ऑस्ट्रियात १४३ पुरुषांवर चाचणी झाली, आणि २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार उपचार घेतलेल्यांपैकी सुमारे ६९ टक्के जण बरे झाले, प्रतीक्षेत ठेवलेल्यांत हे प्रमाण सुमारे २४ टक्के होते.

तुमच्या मुलाबाबत मी काय करीन ते आता सांगतो. चार तास ऐकून मी लगेच घाबरणार नाही, पण ते चार तास रात्री नऊ ते एक असतील तर ते मला अजिबात चालणार नाहीत. पहिला नियम झोपेचा करावा: झोपण्याच्या तासभर आधी गेम बंद, आणि रात्री उपकरण मुलाच्या खोलीबाहेर, शक्यतो घरातील सर्वांचीच उपकरणे एकाच जागी. दुसरा नियम सामन्याच्या हिशेबाने ठरवावा, घड्याळाच्या हिशेबाने नव्हे. त्याचा एक सामना किती मिनिटांचा असतो ते त्यालाच विचारावे आणि 'दोन सामने' अशी बोली करावी, म्हणजे मध्येच उठवण्याचा आणि संघाला तोंडघशी पाडण्याचा प्रसंग येत नाही. पैशांचे कार्ड त्या खात्याला जोडून ठेवू नये. आणि एक संध्याकाळ त्याच्या शेजारी बसून तो काय खेळतो ते पाहावे, शक्य झाल्यास हातात कंट्रोलर घेऊन हरावेही. पालकांना गेमविषयी काही कळत नाही हे मुलांचे गृहीतक मोडले की बोलणी बरीच सोपी होतात. वडील इंटरनेट अचानक तोडण्याच्या विचारात असतील तर त्यांना थांबवावे. मी ते करून पाहिलेली घरे पुष्कळ पाहिली आहेत. दोन दिवस शांतता आणि तिसऱ्या दिवशी मोठा स्फोट असेच तिथे सहसा घडते.

सुट्टीतल्या जादा तासांची मला फारशी चिंता वाटत नाही, जर त्या दिवशी तो घराबाहेरही पडत असेल. त्याउलट, पूर्वी आवडणारे खेळ आणि मित्र गळून पडले असतील, शाळेला दांड्या पडत असतील, खेळण्याविषयी तो खोटे बोलू लागला असेल किंवा न विचारता पैसे खर्च करू लागला असेल, तर तज्ज्ञांची भेट घ्यावी. गेम काढून घेतल्यावर त्याने जीव देण्याची भाषा केली तर ती धमकी समजून झटकू नये. त्याच दिवशी डॉक्टरांशी बोलावे, आणि तोवर त्याला एकटे सोडू नये.

भेटीला येताना दोन आठवड्यांची नोंद आणावी: रात्री किती वाजता झोपला, सकाळी कितीला उठला, कोणता गेम किती वेळ खेळला, आणि थांबताना काय झाले. ही नोंद तुम्ही ठेवू नका, त्यालाच ठेवू द्या. पहिल्या तीन-चार दिवसांचे आकडे तो कमी करून लिहील, ते तसेच राहू द्यावेत. पुढच्या आठवड्यातले आकडे बहुधा खरे असतात, आणि माझे त्याच्याशी पहिले बोलणे त्या दोन आठवड्यांतल्या फरकावरच होते.